रूनेट उसनं नव्हतं

एक मजकूर सध्या बराच फिरतोय: ‘रशियन तरुणांनी इंटरनेटवर स्वतःचं काही घडवलंच नाही. व्हीकोंताक्ते फेसबुकची नक्कल, ब्लॉग अमेरिकेचे, विनोदही तिकडूनच उचललेले.’ हे वाचून गप्प बसवेना.

व्हीकोंताक्ते हे सोशल नेटवर्क २००६ साली सेंट पीटर्सबर्गमध्ये पावेल दुरोवनं सुरू केलं. त्याचं रूप फेसबुकसारखंच होतं, ते नाकारायचं कशाला? पण रशियन इंटरनेटचा, म्हणजे रूनेटचा हिशोब २००६ पासून मांडणं हीच मुळात चूक. मॅक्सिम मोशकोवचं ऑनलाइन ग्रंथालय १९९४ चं. वाचक पुस्तकं स्कॅन करून पाठवायचे आणि ती सगळ्यांना फुकट वाचायला मिळायची.

त्या काळी खरा झगडा अक्षरांशी होता. युनिकोडच्या आधी ज्यांनी मराठी टाइप केलंय, त्यांना दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवर उमटणारा तो अगम्य गिचमिडकाला आठवत असेल. रशियन पोरं त्याला ‘क्राकोझ्याब्री’ म्हणत. त्यांच्याकडची ‘कोई-८’ ही अक्षरांना आकडे नेमून देणारी पद्धत मात्र फार हुशारीनं रचलेली होती. वाटेत एखाद्या जुन्या यंत्रणेनं प्रत्येक अक्षराचा आठवा बिट (अक्षर साठवणाऱ्या आठ शून्य-एकांपैकी एक) छाटला, तरी शब्द रोमन लिपीत वाचता यायचा. लहान अक्षरं मोठी व्हायची, मोठी लहान; पण ‘प्रिव्येत’, म्हणजे नमस्कार, समोरच्याला कळायचा. ही नक्कल कोणाची?

लाइव्हजर्नल ही ब्लॉगची साइट मूळची अमेरिकेचीच, खरंय. पण २००१ पासून रशियनांनी तिथं तळ ठोकला आणि तिला ‘झे-झे’ हे घरचं नाव दिलं. लेखक, पत्रकार, विद्यार्थी तिथं एकाच कट्ट्यावर भांडायचे.

आता विनोद. २००६ साली रूनेटवर गाजलेलं अस्वल जॉन ल्युरी या अमेरिकन कलाकाराच्या चित्रातलं: उघड्यावरच्या जोडप्यासमोर पंजे वर करून उभं. मूळ चित्रात ते ‘सरप्राइज’ म्हणतं. रशियनांनी त्याच्या तोंडी ‘प्रेव्येद’ घातलं, म्हणजे मुद्दाम अशुद्ध लिहिलेला ‘प्रिव्येत’. ती वाकडी भाषा नेटवरच्या टोळक्यांनी आधीच घडवली होती. अस्वल फक्त तिच्यात येऊन बोललं.

आणि मास्यान्या? २००१ साली ओलेग कुवायेव या चित्रकारानं फ्लॅश या अ‍ॅनिमेशनच्या सॉफ्टवेअरमध्ये काढलेली पीटर्सबर्गची मुलगी. भलंमोठं डोकं, काडीसारखे हातपाय, तोंडाळ. आवाजही त्यानंच दिलेला. चिमुकल्या फाइली, त्यामुळे रखडत्या डायल-अपवरही ती पोचायची. तिला कुठून उचललं, ते तो मजकूर पुढे पाठवणाऱ्यांनी सांगावं.