उष्टी चाल?

रेगे या जमैकातल्या संगीताबद्दलचा एक आरोप फिरत फिरत पुन्हा माझ्यापर्यंत आला. या लोकांकडे स्वतःच्या चाली नाहीत म्हणे. एकाची उष्टी चाल दुसरा गातो, म्हणून एक गाणं ऐकलं की सगळी ऐकली. आणि जुनं संगीत अजून वाजतं ते केवळ आठवणींपायी.

मुळात इथे ‘चाल’ हा शब्दच चुकलाय. जमैकात ज्याला ‘रिदिम’ म्हणतात, तो म्हणजे बास, ड्रम आणि वर ऑर्गन-गिटारचे तुटक ठोके. त्यावरची चाल आणि शब्द गायकाने आपले आणायचे. तबल्याच्या एकलवादनात लेहरा तासभर तोच असतो, म्हणून तबलजीला कुणी चोर म्हणत नाही.

‘स्टालाग’चंच बघा. निर्माता विन्स्टन रायली, कीबोर्डवर अँसेल कॉलिन्स, साल १९७३. याच रिदिमवर १९८२ मध्ये सिस्टर नॅन्सीचं ‘बॅम बॅम’ आलं आणि १९८५ मध्ये टेनर सॉचं ‘रिंग द अलार्म’. दोन्ही लागोपाठ ऐका. पुरुषांच्या मैदानात उतरलेली नॅन्सी, मी बाई आहे, हे मजेत ठणकावते. (पालुपद ‘मेटल्स’ या जमैकातल्या गटाच्या १९६६ च्या गाण्यातून आलंय, हे कबूल.) टेनर सॉ प्रतिस्पर्धी साउंड सिस्टिम (म्हणजे भलेमोठे स्पीकर लावून नाचासाठी तबकड्या वाजवणारी मंडळी) मरू घातल्याची दवंडी पिटतो, पण आवाज असा आर्त की सुतकच वाटावं. खाली बास तोच.

आळस म्हणाल, तर उलटंच आहे. साठच्या दशकाच्या अखेरीस जमैकातल्या स्पॅनिश टाउनमध्ये रडी रेडवूड या साउंड सिस्टिमवाल्याने एका गाण्याची आवाज वगळलेली तबकडी लावली आणि लोकच ते गाऊ लागले, असं सांगतात. पुढे तबकडीच्या मागच्या बाजूला असं ‘व्हर्जन’ देण्याची रीत पडली. जमलेल्यांना रिदिम तोंडपाठ; त्यावर उभ्या उभ्या नवं सुचलं नाही तर डीजेची (जमैकात रिदिमवर तालात बोलणाऱ्या-गाणाऱ्याला डीजे म्हणतात) फजिती तिथल्या तिथे.

आठवणींचं म्हणणं तर एका ओळीत निकालात निघतं: अमेरिकन रॅपर कान्ये वेस्टने २०१६ मध्ये ‘बॅम बॅम’चा तुकडा वापरला, तेव्हा त्यावर नाचणाऱ्या कित्येकांचा १९८२ मध्ये जन्मही झाला नव्हता.

चोरी शोधायचीच असेल तर हिशेबाच्या वहीत शोधा. या गाण्याचे पैसे कित्येक वर्षं मिळालेच नाहीत, असं नॅन्सीने स्वतः सांगितलंय. गाणं जगभर वाजत होतं आणि गाणारी न्यू जर्सीत बँकेत नोकरी करत होती.