बॉक्स कोणाचा हे मेसेज ठरवत नाही, पावती ठरवते

सोसायट्यांच्या आणि नातेवाइकांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांवर केबल टीव्हीबद्दलचा एक मेसेज गेली काही वर्षं फिरतो आहे. शब्द थोडे इकडेतिकडे होतात, मजकूर असा: ‘सेट टॉप बॉक्सचे पैसे एकदा भरले की बॉक्स तुमच्या मालकीचा, केबलवाला तो परत मागू शकत नाही. ट्रायच्या नियमानुसार तोच बॉक्स कुठल्याही कंपनीवर चालवून द्यावाच लागतो. महिन्याला १३० रुपयांपेक्षा जास्त घेणं बेकायदा आहे. फ्री चॅनेलसाठी एक पैसाही द्यायचा नाही. बॉक्स बिघडला तर फुकट बदलून मिळतो. ऐकलं नाही तर ट्रायला फोन करा, लायसन्स रद्द होईल.’

यातलं प्रत्येक वाक्य कुठल्या तरी खऱ्या गोष्टीवरून निघालं आहे, म्हणून ते पटतं. पण नियम, शिफारस आणि रद्द झालेली तरतूद यांची खिचडी झाल्यामुळे माणूस जे मिळणार नाही त्यासाठी केबलवाल्याशी भांडतो आणि जे हक्काचं आहे ते मागायचं विसरतो.

‘पैसे भरले म्हणजे बॉक्स तुमचा’

किती पैसे भरले यावर मालकी ठरत नाही, कशापोटी भरले यावर ठरते. ट्रायच्या, म्हणजे दूरसंचार आणि प्रसारणाच्या नियामक संस्थेच्या, २०१७च्या सेवा-दर्जा नियमांनुसार बॉक्स थेट विकत देता येतो किंवा अनामत घेऊन भाड्याने देता येतो. विकतच्या बॉक्सवर किमान एक वर्षाची वॉरंटी असते. भाड्याचा बॉक्स कंपनीचा. तो चालू स्थितीत परत केला की अनामत परत मिळायला हवी.

गोंधळाचं मूळ डिजिटायझेशनच्या, म्हणजे जुनी अ‍ॅनालॉग केबल बंद करून डिजिटल आणण्याच्या, घाईत आहे. केबल कायद्यात २०११ साली दुरुस्ती झाली. मुंबईत ३१ ऑक्टोबर २०१२ला अ‍ॅनालॉग बंद करायची मुदत होती. पुणे, नागपूर, नाशिक, सोलापूर, ठाणे अशा शहरांसाठी ३१ मार्च २०१३ ठरली आणि खेडोपाड्यांची शेवटची मुदत लांबत ३१ मार्च २०१७वर गेली. त्या काळात बॉक्स पटापट बसवले गेले आणि कागद मागे राहिले. अनेक घरांत आजही ऑपरेटरच्या पावतीपुस्तकातला एक चिटोरा असतो आणि त्यावर ‘बॉक्स’ एवढाच शब्द.

तेव्हा आधी कागद काढा. जोडणी घेताना भरलेल्या ग्राहक अर्जाची प्रत मिळणं हा तुमचा हक्क आहे. त्यात किंवा पावतीत चार गोष्टी पाहा.

बॉक्सचा अनुक्रमांक घालून जीएसटीसह विक्रीचं बिल असेल, तर बॉक्स तुमचा. ‘डिपॉझिट’ किंवा ‘अनामत’ लिहिलं असेल, तर बॉक्स कंपनीचा आणि ती रक्कम तुमची. ‘इन्स्टॉलेशन’ आणि ‘अ‍ॅक्टिव्हेशन’ हे सेवेचे आकार आहेत, बॉक्सची किंमत नव्हे. ट्रायची नवी नियम-चौकट २९ डिसेंबर २०१८ला लागू झाल्यापासून जुलै २०२४च्या दुरुस्तीपर्यंत इन्स्टॉलेशनला ३५० आणि अ‍ॅक्टिव्हेशनला १०० रुपयांची मर्यादा होती. त्यामुळे २०२१च्या पावतीवर ‘अ‍ॅक्टिव्हेशन १,२००’ असं दिसलं, तर एक तर बॉक्सची किंमत त्यात दडवलेली आहे किंवा जादा आकारणी झाली आहे. दोन्ही बाबतींत लेखी खुलासा मागायला तो कागद पुरेसा आहे. आता मर्यादा नाही, पण आकार आधी जाहीर करण्याचं बंधन आहे.

चॅनेल उघडणारं कार्ड आत घालायच्या बॉक्समध्ये आणखी एक मेख असते: बॉक्स विकत घेतला असला तरी कार्ड कंपनीचंच, असं बऱ्याच करारांत लिहिलेलं असतं.

भाड्याचा बॉक्स परत करताना बॉक्स, अ‍ॅडॉप्टर आणि रिमोट तिन्ही द्या. पावतीवर बॉक्सचा क्रमांक लिहून घ्या आणि तळाच्या स्टिकरचा फोटो काढून ठेवा. घर बदलताना लोक हे टाळतात, बॉक्स माळ्यावर जातो, आणि कंपनीच्या संगणकात तो तुमच्याच नावावर राहतो. पुढे अनामतीचा विषय काढला की ‘बॉक्स कुठे आहे?’ हाच पहिला प्रश्न येतो.

‘तोच बॉक्स कुठल्याही कंपनीवर चालवून द्यावा लागतो’

हा या मेसेजमधला सर्वांत गोड आणि सर्वांत चुकीचा दावा. ट्रायने ११ एप्रिल २०२०ला सेट टॉप बॉक्स एकमेकांच्या नेटवर्कवर चालणारे असावेत अशी शिफारस केली, हे खरं. पण ट्रायची शिफारस म्हणजे मंत्रालयाला दिलेला सल्ला. परवान्याच्या अटी आणि नियम बदलायचं काम माहिती व प्रसारण मंत्रालयाचं, आणि केबल ऑपरेटरवर तशी सक्ती आलेली नाही. त्या शिफारशीतही केबलचा बॉक्स डीटीएचवर चालावा असं म्हटलेलं नव्हतं. केबल ते केबल आणि डीटीएच ते डीटीएच एवढीच कल्पना होती.

‘फक्त सॉफ्टवेअर मारायचं’ असं सांगणारे दुकानदार भेटतात, म्हणून हे का जमत नाही ते नीट पाहू. कंपनीच्या कंट्रोल रूममध्ये प्रत्येक चॅनेल एन्क्रिप्ट होऊन, म्हणजे कुलूपबंद होऊन, लाइनवर येतं. ते उघडणारी किल्ली दर काही सेकंदांनी बदलते. ती किल्ली वाचायची परवानगी बॉक्सच्या नंबरावर पाठवली जाते आणि ती परवानगी उघडणारं गुपित बॉक्सच्या चिपमध्ये कारखान्यातच घातलेलं असतं. कार्डवाला बॉक्स असेल तर कार्ड आणि बॉक्स यांचं पेअरिंग केलेलं असतं, त्यामुळे शेजाऱ्याचं कार्ड तुमच्या बॉक्समध्ये चालत नाही. यावर नेटवर्कची ठरलेली फ्रिक्वेन्सी आणि कंपनीच्या सहीशिवाय न चढणारं सॉफ्टवेअर. दुसऱ्या कंपनीच्या लाइनला बॉक्स लावला तर कधी चॅनेलची यादीसुद्धा सापडेल, पण चित्र येणार नाही, कारण त्या कंपनीच्या यादीत तुमचा नंबर नाही आणि त्यांच्या किल्लीचं गुपित तुमच्या चिपमध्ये नाही. डीटीएचची तर पहिल्या पायरीवरच फारकत: डिशचा बॉक्स उपग्रहाच्या पद्धतीचा सिग्नल वाचतो, केबलचा बॉक्स केबलच्या.

यावरचा उपाय म्हणजे किल्लीचा भाग बॉक्सबाहेर काढून वेगळ्या मॉड्यूलमध्ये घालणं. अमेरिकेने ‘केबलकार्ड’ नावाने तो करून पाहिला, १९९६च्या कायद्याच्या आधाराने. ग्राहक तरीही कंपनीचा बॉक्सच भाड्याने घेत राहिले आणि २०२०मध्ये तिथल्या नियामकाने कंपन्यांवरचं ते बंधन काढून टाकलं. आपल्याकडे बॉक्स स्वस्त. वेगळ्या मॉड्यूलचा खर्च त्यात धरला की हिशोब आणखी अवघड होतो.

खरा त्रास मेसेजमध्ये नाहीच. तुमच्या गल्लीतला केबलवाला एक एमएसओ (त्याला सिग्नल पुरवणारी मोठी कंपनी) सोडून दुसऱ्याकडे गेला, की तुम्ही काहीच बदललेलं नसताना सगळ्या घरांतले बॉक्स निकामी होतात आणि नव्याचे पैसे मागितले जातात. एमएसओ आणि ऑपरेटर यांनी एकमेकांचा सिग्नल तोडण्याआधी २१ दिवसांची नोटीस द्यायची असते. त्या काळात तीन प्रश्न लेखी विचारा: जुन्या बॉक्सची अनामत कोण परत देणार, नवा बॉक्स कोणत्या योजनेत, आणि माझे उरलेले दिवस नव्या खात्यात कसे जमा होणार. भरलेल्या महिन्याचे उरलेले दिवस अशा वेळी हमखास हवेत विरतात.

‘१३० रुपयांपेक्षा जास्त घेणं बेकायदा’

ही अर्धी बातमी आहे, आणि तीही शिळी. १३० रुपये ही नेटवर्क क्षमता शुल्काची, म्हणजे लाइनच्या भाड्याची, कमाल मर्यादा होती. पूर्ण बिलाची कधीच नव्हती. सुरुवातीला त्यात साध्या दर्जाची (एसडी) १०० चॅनेल येत, १ जानेवारी २०२०ला ट्रायने ते २०० केले. त्यावर पे चॅनेलचे पैसे वेगळे आणि एकूण रकमेवर १८ टक्के जीएसटी. म्हणजे १३० रुपये लाइन आणि १२० रुपयांची चॅनेल घेतली, तर २५० अधिक ४५ जीएसटी, एकूण २९५. हे बिल तेव्हाही पूर्ण कायदेशीर होतं.

८ जुलै २०२४च्या दुरुस्तीत ती मर्यादाच काढली. आता कंपनी लाइनचं शुल्क स्वतः ठरवते, आणि भागानुसार किंवा चॅनेलच्या संख्येनुसार वेगळंही ठेवू शकते. अट एवढीच की ते जाहीर केलेलं असावं. म्हणून ‘१३०च देणार’ असा हट्ट धरण्यापेक्षा ‘जाहीर केलेला दर दाखवा आणि बिल फोडून द्या’ म्हणा: लाइन किती, पॅक किती, सुटी चॅनेल किती, कर किती. हे चार आकडे वेगळे न दाखवता ‘महिन्याचे ३५०’ घेणाऱ्याकडे जाहीर दरापेक्षा जास्त काही घुसवलंय का, ते तिथेच कळतं. चॅनेलचे दर तपासायला स्क्रीनवरचं चॅनेल गाइड पाहा. पॅकमध्ये घालायच्या पे चॅनेलची सुटी किंमत १९ रुपयांपर्यंतच असावी लागते, हेही लक्षात ठेवा.

‘फ्री चॅनेलसाठी पैसे द्यायचे नाहीत’

चॅनेलचे शून्य, लाइनचे द्यावेच लागतात. केबल कायद्याचं कलम ४अ ऑपरेटरला सगळीच चॅनेल एन्क्रिप्ट करून पाठवायला लावतं, फ्री असोत वा पे. म्हणून केबलची वायर थेट टीव्हीला लावून फ्री चॅनेल दिसत नाहीत. फक्त फ्रीच पाहायचं असेल तर डीडी फ्री डिश आहे. डिश आणि बॉक्स एकदा घेतला की महिन्याचं काही नाही. जे पे चॅनेल फ्री डिशवर फुकट दिसतं ते इतर सगळीकडेही फ्री ठेवावं लागतं, अशीही तरतूद २०२४मध्ये आली आहे. ते चॅनेल तुमच्या बिलात पैसे लावून येत असेल तर विचारा.

‘बिघडला की फुकट बदलून मिळतो’

भाड्याचा असेल तर दुरुस्तीचे पैसे लागत नाहीत, मात्र बॉक्स फोडलेला किंवा छेडलेला नसावा. विकतचा असेल तर वॉरंटीपुरतंच. पण ‘बॉक्स गेला’ असं वाटतं तेव्हा बऱ्याचदा बॉक्स ठणठणीत असतो, आणि हे माहीत नसल्यामुळे लोक नव्या बॉक्सचे पैसे भरून मोकळे होतात. म्हणून आधी एवढं करून पाहा.

बॉक्स सारखा रीस्टार्ट होतो किंवा लाल दिवा लुकलुकत राहतो: संशय अ‍ॅडॉप्टरवर. आतला कपॅसिटर सुकलेला असतो. मीटर लावला तर १२ व्होल्ट नीट दिसतात, पण बॉक्सचा भार पडला की व्होल्टेज कोसळतं, म्हणून मीटरवर विश्वास ठेवू नका. स्टिकरवर लिहिलेलेच व्होल्ट, तेवढेच किंवा जास्त अ‍ॅम्पियर आणि तशीच पिन असलेला दुसरा अ‍ॅडॉप्टर लावून पाहा.

काहीच चॅनेल तुटतात, चौकोन पडतात: एका फ्रिक्वेन्सीवर दहा ते वीस चॅनेल एकत्र येतात. तुटणारी चॅनेल ठरावीकच असतील तर त्या फ्रिक्वेन्सीला लाइनमध्ये अडथळा आहे. जॉइंटमध्ये पाणी शिरलं किंवा वायर लांब असली की वरच्या फ्रिक्वेन्सी आधी मरतात. पावसाळ्यात गच्चीवरचा जॉइंट हा पहिला आरोपी. चांगल्या आरजी-६ वायरलाही वरच्या फ्रिक्वेन्सीला १०० मीटरमागे १८ ते २० डीबी (सिग्नलच्या ताकदीचं माप) घट असते. दोन टीव्हींच्या स्प्लिटरमध्ये साडेतीन ते चार, चार तोंडांच्या स्प्लिटरमध्ये सात-आठ डीबी जातात. ऑपरेटरचा माणूस मीटर घेऊन आला की बॉक्सच्या तोंडाशी मोजायला सांगा, खांबावर नव्हे. तिथे लेव्हल, म्हणजे सिग्नलची ताकद, ५५ ते ६५ डीबीमायक्रोव्होल्ट आणि एमईआर, म्हणजे सिग्नलच्या स्वच्छपणाचा आकडा, ३०च्या आसपास असेल तर लाइन चांगली. लेव्हल भरपूर आणि एमईआर कमी असेल तर मधला अ‍ॅम्प्लिफायर सिग्नलबरोबर खरखरही वाढवतो आहे. अशा वेळी आणखी एक अ‍ॅम्प्लिफायर लावून काही होत नाही.

‘चॅनेल उपलब्ध नाही’ किंवा ‘सबस्क्राइब करा’ असा संदेश येतो, बाकी चित्र स्वच्छ: हा बिघाड नाही, परवानगी पोहोचलेली नाही. कंट्रोल रूममधून रिफ्रेश मारायला सांगा आणि बॉक्स त्याच चॅनेलवर अर्धा तास चालू ठेवा. बंद बॉक्सला परवानगी मिळत नाही. कार्ड असेल तर काढून त्याचा सोनेरी भाग पेन्सिलच्या रबराने हलका पुसा.

एवढं करूनही काळा पडदा असेल, तर बॉक्स गेला असं समजायला हरकत नाही.

‘ट्रायला फोन करा, लायसन्स रद्द’

ट्राय एकेका ग्राहकाची तक्रार निकालात काढत नाही, आणि केबलवाल्याची नोंदणीही ट्रायकडे नसते. पूर्वी ती मुख्य पोस्ट ऑफिसात होई. १७ जानेवारी २०२५पासून मंत्रालयाच्या पोर्टलवर होते, पाच वर्षांसाठी, ५,००० रुपये शुल्क भरून. तक्रार आधी कंपनीच्या ग्राहक सेवा क्रमांकावर करा आणि तक्रार क्रमांक घ्या. ग्राहक सेवा क्रमांक टीव्हीवर ९९९ या चॅनेलवर किंवा वेबसाइटच्या ग्राहक कोपऱ्यात असतो. मग कंपनीने राज्यासाठी नेमलेला नोडल अधिकारी, त्यानंतर १९१५ ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन, आणि शेवटी जिल्हा ग्राहक आयोग. तिथे पाच लाखांपर्यंतच्या दाव्याला शुल्क नाही. अर्जाला ग्राहक अर्जाची प्रत, पावत्या, बॉक्सच्या स्टिकरचा फोटो आणि तक्रार क्रमांक जोडा. ग्राहक अर्जाची प्रत नसेल तर ती आधी एमएसओकडे ईमेलने मागा आणि तो ईमेलही जोडा.