बाउंडलेसबद्दल खरं काय, आणि ते कशावरून?

मायक्रोबायॉलॉजी किंवा स्टॅटिस्टिक्सचं काही फुकट वाचायला शोधलंत, तर लिब्रेटेक्स्ट्स किंवा लुमेन या मुक्त पाठ्यपुस्तकांच्या संकेतस्थळांच्या पानांवर 'बाउंडलेस' हे नाव हमखास दिसतं. बॉस्टनची ही ऑनलाइन पाठ्यपुस्तकांची कंपनी २०११ मध्ये पुढे आली, २०१५ मध्ये व्हॅलोर नावाच्या कंपनीने विकत घेतली आणि २०१७ मध्ये तिचा कारभार आटोपला. पुस्तकं मात्र क्रिएटिव्ह कॉमन्स परवान्याखाली (श्रेय देऊन मजकूर मोफत वापरू देणाऱ्या परवान्याखाली) होती, म्हणून इतरांना ती ठेवून घेता आली. आजही विद्यार्थी त्यातून नोट्स काढतात आणि प्रोजेक्टच्या संदर्भसूचीत 'बाउंडलेस' लिहून मोकळे होतात. म्हणून ही पुस्तकं कशी तयार झाली, कंपनीचं पुढे काय झालं, हे खात्रीने सांगता यायला हवं असं मला मनापासून वाटतं.

शोधायला बसलं की आधी हाती लागतात त्या गुंतवणुकीच्या बातम्या. एप्रिल २०१२ मध्ये व्हेनरॉक या गुंतवणूक कंपनीच्या पुढाकाराने ८० लाख डॉलर मिळाले, ही बातमी कितीतरी ठिकाणी आहे. पण अशा बातम्यांचं मूळ बहुतेक वेळा कंपनीचं प्रसिद्धीपत्रकच असतं. एकच पत्रक दहा जणांनी छापलं म्हणून दहा पुरावे होत नाहीत, तो एकच पुरावा राहतो आणि तोही ज्याचा फायदा आहे त्याने दिलेला. अमेरिकेतच १९९८ मध्ये व्हर्सिटीबुक्स या ऑनलाइन पाठ्यपुस्तक विक्रेत्या कंपनीवर कॉलेज स्टोअर्सच्या संघटनेने दावा लावला होता. '४० टक्क्यांपर्यंत सूट' ही जाहिरात दिशाभूल करणारी आहे, असं संघटनेचं म्हणणं होतं. कंपनीने स्वतःबद्दल दिलेले आकडे कसे वाचायचे, ते इथून शिकावं. व्हर्सिटीबुक्स २००० मध्ये शेअर बाजारात उतरली, त्यामुळे तिला निदान आपला जमाखर्च सरकारदरबारी मांडावा तरी लागला. बाउंडलेस खासगीच राहिली.

मग उरतात कोर्टाचे कागद, आणि माझ्या मते सगळ्यात जास्त माहिती तिथेच आहे. मार्च २०१२ मध्ये पिअर्सन, सेंगेज आणि मॅकमिलन गटातल्या प्रकाशनाने न्यूयॉर्कच्या फेडरल कोर्टात बाउंडलेसवर दावा ठोकला. वाद तीन गाजलेल्या पाठ्यपुस्तकांवरून होता: कॅम्पबेल आणि रीस यांचं जीवशास्त्र, मॅनकिव यांचं अर्थशास्त्र, मायर्स यांचं मानसशास्त्र. वाक्यं उचलली असा मुख्य आरोप नव्हताच. विषयांची निवड, त्यांचा क्रम, मांडणीची खोली, हे सगळं जसंच्या तसं घेतलं असं प्रकाशकांचं म्हणणं होतं. उदाहरणही मासलेवाईक दिलं होतं: थर्मोडायनॅमिक्सचे नियम समजावताना जीवशास्त्राच्या पुस्तकात अस्वलाचे फोटो, आणि बाउंडलेसच्या पुस्तकातही अस्वलाचेच फोटो!

हे वाचताना एक गोष्ट विसरायची नाही. वादपत्र म्हणजे वादीची बाजू. 'कोर्टाच्या कागदात आहे' याचा अर्थ 'कोर्टाने मान्य केलं' असा होत नाही. शेजारी प्रतिवादीची कैफियत ठेवूनच ते वाचायला हवं. डिसेंबर २०१३ मध्ये तडजोड झाली, म्हणजे पूर्ण सुनावणी होऊन गुणदोषांवर निकाल लागलाच नाही. तरी लोक 'बाउंडलेस चोरी करताना सापडली' किंवा 'प्रकाशकांनी उगाच गळा घोटला' असं ठोकून लिहितात. दोन्हींना कोर्टाचा आधार नाही.

त्याच २०१२ मध्ये दिल्ली विद्यापीठातल्या रामेश्वरी फोटोकॉपी सर्व्हिसवर ऑक्सफर्ड, केंब्रिज आणि टेलर अँड फ्रान्सिस या प्रकाशकांनी पुस्तकांतल्या भागांच्या छायाप्रती काढून दिल्याबद्दल दावा केला होता. तिथे दिल्ली उच्च न्यायालयाने २०१६ मध्ये सविस्तर निकाल दिला आणि तो कुणालाही फुकट वाचता येतो. त्या प्रकरणावर ठामपणे लिहिता येतं. अमेरिकेत फेडरल कोर्टाची कागदपत्रं पेसर या कोर्टांच्या अधिकृत संकेतस्थळावर पानाला १० सेंट देऊन मिळतात. कोर्टलिसनर या मोफत संकेतस्थळावर इतरांनी चढवलेली असतील तर फुकट. आधी तिथे पाहा.

वेबॅक मशीन या संकेतस्थळांच्या जुन्या प्रती जपणाऱ्या संग्रहात कंपनीची जुनी पानं पाहता येतात. अमुक तारखेला कंपनी काय म्हणत होती, एवढंच त्यातून सिद्ध होतं. ती म्हणत होती ते खरं होतं का, हे वेगळं तपासावं लागतं.

सगळ्यात मोठा धोका मात्र खुद्द पुस्तकांत आहे, आणि त्याबद्दल फारसं कुणी बोलत नाही. बाउंडलेसने आपला मजकूर विकिपीडिया आणि इतर मुक्त स्रोतांतून जुळवला होता. आता कुणी विकिपीडियावरच्या विधानाला आधार म्हणून बाउंडलेसचं पान जोडलं, तर ते विधान फिरून स्वतःचीच साक्ष देतं. वाचणाऱ्याला वाटतं, दोन ठिकाणी सापडलं म्हणजे पक्कं. शिक्षकांनी निदान एवढं तरी मुलांना दाखवावं, की पानाच्या तळाशी श्रेयनामावली, म्हणजे मजकूर कुठून घेतला त्याची यादी असते. ती उघडायची, मूळ स्रोतापर्यंत जायचं, आणि संदर्भ द्यायचा तो त्या मूळ स्रोताचा.

कंपनीविषयी लिहायचं असेल तर क्रॉनिकल ऑफ हायर एज्युकेशन, इनसाइड हायर एड, पब्लिशर्स वीकली यांचे त्या वर्षांतले अंक बघा. उच्च शिक्षण आणि प्रकाशन हेच त्यांचं रोजचं क्षेत्र आहे. काही लेखांना पैसे पडतात, पण बऱ्याच विद्यापीठांच्या ग्रंथालयांत अशा नियतकालिकांचे डेटाबेस असतात. ग्रंथपालांना विचारायला संकोच करू नका. आणि इथे कुणी ग्रंथपाल असतील तर आपल्याकडे यातलं काय उपलब्ध आहे ते कमेंटमध्ये जरूर लिहा, बऱ्याच मुलांच्या कामाला येईल.