१,८०० टीडीएसचे बोअर म्हणजे खाडी नव्हे

मराठवाड्यातील शेतकऱ्यांच्या व्हॉट्सअ‍ॅप गटांत सध्या एक तक्ता फिरतो आहे. त्याचे म्हणणे थोडक्यात असे की, विज्ञानाने पाण्याचे तीनच वर्ग केले आहेत: ५०० टीडीएसपर्यंत (टीडीएस म्हणजे एका लिटरमध्ये विरघळलेले एकूण क्षार, मिलिग्रॅममध्ये) गोडे, ५०० ते ३०,००० पर्यंत मचूळ आणि त्यापुढे खारे. हा आकडा कोणत्याही टीडीएस पेनने घरबसल्या कळतो. बोअरचे पाणी १,८०० दाखवत असेल, तर ते शास्त्राच्या दृष्टीने खाडीचेच पाणी आहे आणि खाडीतली कोळंबी त्यात वाढलीच पाहिजे. एकदा ठरलेला वर्ग बदलत नाही. शेवटी, मराठवाड्याच्या पोटात जुना समुद्र आहे याचा पुरावा म्हणून लोणार सरोवराचे छायाचित्र जोडलेले असते आणि त्याखाली कोळंबीचे बीज पुरवणाऱ्याचा फोन नंबर असतो. हा शेवटचा तपशील पाहता हे निव्वळ ज्ञानदान नाही, एवढे वाचणाऱ्याने ध्यानात ठेवलेले बरे.

तक्ता सरसकट खोटा असता तर त्याला उत्तर देणे सोपे झाले असते. परंतु त्यातील दोन आकडे खरे आहेत, आणि ते खरे असल्यामुळेच बाकीचा मजकूर विश्वासार्ह वाटतो. हजारी ०.५ आणि हजारी ३० या सीमा, म्हणजे एक किलो पाण्यात अर्धा ग्रॅम आणि तीस ग्रॅम क्षार, एप्रिल १९५८ मध्ये इटलीतील व्हेनिस येथे मचूळ पाण्याच्या वर्गीकरणावर भरलेल्या परिसंवादातून आल्या. त्या पद्धतीला आजही व्हेनिस पद्धती असेच म्हणतात. तिच्यात वर्ग मात्र तीन नाहीत. हजारी ०.५ च्या खालचे पाणी गोडे, ०.५ ते ५ ऑलिगोहॅलाइन, ५ ते १८ मेसोहॅलाइन, १८ ते ३० पॉलिहॅलाइन, ३० ते ४० यूहॅलाइन आणि ४० च्या पुढचे हायपरहॅलाइन. मेसोहॅलाइनचेही १० च्या सीमेवर आणखी दोन भाग पाडलेले आहेत. तक्त्यात ज्याला सरसकट ‘मचूळ’ म्हटले आहे तो पट्टा प्रत्यक्षात तीन मोठ्या वर्गांचा आहे, आणि त्याच्या एका टोकाचे पाणी गाईम्हशी पिऊ शकतात, तर दुसऱ्या टोकाचे पाणी जवळजवळ समुद्राचे असते.

एवढी विभागणी करण्याचे कारण चवीशी संबंधित नाही. डच शास्त्रज्ञ रेडेके यांनी १९२० च्या दशकात आपल्या देशातील मचूळ पाण्यांचे प्रकार पाडले ते तिथल्या जीवसृष्टीवरून, आणि जर्मन प्राणिशास्त्रज्ञ रेमाने यांनी १९३४ मध्ये बाल्टिक समुद्राच्या अभ्यासातून दाखवले की समुद्राकडून गोड्या पाण्याकडे जाताना प्राण्यांच्या जातींची संख्या एकसारखी बदलत जात नाही. ती हजारी ५ ते ८ च्या सुमारास सर्वांत खाली जाते, कारण तेथे समुद्री जातींना पाणी फार फिके पडते आणि गोड्या पाण्यातल्या जातींना ते फार खारे होते. व्हेनिस पद्धतीतील ५ ही सीमा या तळाच्या काठावर बसते. शिवाय तेथे जमलेल्या शास्त्रज्ञांनी आपल्या सीमांच्या आकड्यांना ‘±’ हे चिन्ह जोडले होते, म्हणजे ती रेघ काटेकोर नाही हे त्यांनीच सांगून ठेवले होते. पुढे १९९३ मध्ये अमेरिकेतील चेसापीक आणि डेलावेअर या उपसागरांतील मासे व इतर जलचर कोणकोणत्या क्षारतेत सापडतात याचे सांख्यिकी विश्लेषण झाले. त्यातून एकमेकांवर चढलेले पाच पट्टे निघाले: ० ते ४, २ ते १४, ११ ते १८, १६ ते २७ आणि २४ पासून समुद्रापर्यंत. हजारी ३ क्षारतेचे पाणी यात एकाच वेळी दोन पट्ट्यांत येते. जीवशास्त्राच्या दृष्टीने हे अधिक प्रामाणिक आहे.

याचा अर्थ पक्क्या रेघा निरुपयोगी आहेत असा नाही. आपल्याकडे २०११ च्या किनारा नियमन क्षेत्र अधिसूचनेत खाडीच्या आत भरतीचा प्रभाव कुठवर धरायचा हे वर्षातील सर्वांत कोरड्या काळात मोजलेल्या हजारी ५ क्षारतेवरून ठरवले आहे. कायद्याला रेघ लागतेच. फक्त ती कोणत्या पाण्यासाठी, कोणत्या ऋतूत आणि कशासाठी मोजली, हे त्या आकड्यासोबत लिहिलेले असते. तक्त्याने नेमके तेच गाळले आहे.

‘५०० च्या वर मचूळ’ या वाक्याचा आणखी एक उपद्रव आहे. भारतीय मानक ब्यूरोच्या आयएस १०५०० : २०१२ या मानकात पिण्याच्या पाण्यातील एकूण विरघळलेल्या क्षारांची स्वीकारार्ह मर्यादा लिटरला ५०० मिलिग्रॅम असून, दुसरा स्रोत नसल्यास ती २,००० पर्यंत चालवून घेतलेली आहे. व्हेनिस पद्धतीचा हजारी ०.५ आणि हा ५०० दिसायला एकच आकडा असला, तरी एक खाडीतील जीवांसाठी आहे आणि दुसरा माणसाच्या घशासाठी व आरोग्यासाठी. ही दोन मोजमापे एकमेकांत मिसळली की ६०० टीडीएसच्या विहिरीला ‘शास्त्राने मचूळ ठरवलेली’ म्हणून आरओ यंत्र विकता येते. त्याच वेळी ४०० टीडीएसच्या पाण्यात नायट्रेट ४५ मिलिग्रॅमच्या किंवा फ्लोराइड १.५ मिलिग्रॅमच्या वर असले, तरी पेनचा आकडा पाहून ते निर्धास्तपणे प्यायले जाते.

आता पेनविषयी. टीडीएस पेन क्षार मोजत नाही. ते पाण्यातून वीज किती सहज वाहते हे मोजते आणि त्या विद्युतवाहकतेला बहुधा ०.५ ते ०.७ यांमधल्या एखाद्या ठरावीक गुणकाने गुणून टीडीएसचा आकडा दाखवते. हे घरीच तपासता येते. एक लिटर शुद्ध पाण्यात, आरओचे चालेल, एक ग्रॅम मीठ विरघळवावे, दुसऱ्या लिटरमध्ये एक ग्रॅम खाण्याचा सोडा आणि तिसऱ्यात एक ग्रॅम साखर. वजन तिन्हींकडे सारखेच. पण सोड्याच्या पाण्यात पेन मिठाच्या जवळपास निम्माच आकडा दाखवील आणि साखरेची तर ते दखलही घेणार नाही. वाहकतेवरून क्षारता काढायची, तर पाण्यात कोणते क्षार कोणत्या प्रमाणात आहेत हे आधी माहीत असावे लागते.

समुद्राच्या बाबतीत ते माहीत असते, कारण जगभरच्या महासागरांत मुख्य क्षारांचे आपसांतील प्रमाण जवळजवळ कायम राहते. चॅलेंजर या ब्रिटिश संशोधन जहाजाने जगभरातून आणलेल्या ७७ नमुन्यांच्या पृथक्करणातून रसायनशास्त्रज्ञ डिटमार यांनी १८८४ मध्ये हे पक्के केले. याच आधारावर १९७८ ची व्यावहारिक क्षारता श्रेणी उभी आहे. तीत एक किलो द्रावणात ३२.४३५६ ग्रॅम पोटॅशियम क्लोराइड असलेले पाणी १५ अंश सेल्सिअसला प्रमाण मानतात. तेवढीच वाहकता असलेल्या समुद्राच्या पाण्याची क्षारता ३५ धरतात. ही श्रेणी २ ते ४२ या टप्प्यासाठी आणि समुद्राच्या पाण्यासाठी आहे. तक्त्यातला आपला १,८०० चा बोअर, म्हणजे हजारी १.८, तिच्या खालच्या टोकाच्याही बाहेर राहतो, आणि त्याचे पाणी समुद्राचे नाहीच.

हाच तक्त्याच्या मध्यवर्ती दाव्याचा खरा दोष आहे. व्हेनिस पद्धती गृहीत धरते की आपल्यासमोरचे मचूळ पाणी म्हणजे गोड्या पाण्याने पातळ झालेला समुद्र आहे. नदीमुखाची समुद्रशास्त्रज्ञ प्रिचर्ड यांची बहुमान्य व्याख्याही हेच सांगते: खुल्या समुद्राशी मोकळा संबंध असलेला अर्धबंदिस्त किनारी जलाशय, ज्यात समुद्राचे पाणी जमिनीवरून आलेल्या गोड्या पाण्याने मोजता येण्याइतके पातळ होते. समुद्राच्या एका वाट्यात गोड्या पाण्याचे सुमारे अठरा वाटे मिसळले, तर क्षारता हजारी १.८ च्या आसपास येईल. त्या पाण्याच्या एका लिटरमध्ये सोडियम साधारण ५५० मिलिग्रॅम, मॅग्नेशियम ६५, कॅल्शियम २० आणि पोटॅशियमही २० मिलिग्रॅमच्या आसपास असेल. गोड्या पाण्याने आणलेले थोडेफार क्षार त्यावर वेगळे.

मराठवाड्यातील काळ्या पाषाणातल्या, म्हणजे बेसाल्टमधल्या बोअरचा हिशेब निराळा असतो. दगड झिजताना कॅल्शियम, मॅग्नेशियम आणि सोडियम सुटतात आणि मातीतल्या कर्बवायूमुळे बायकार्बोनेट तयार होते. सिंचनाचे पाणी उन्हाने उडून क्षार मागे राहतात, खतांतले नायट्रेट आणि वस्तीच्या सांडपाण्यातले क्लोराइड त्यात भर घालतात. पोटॅशियम मात्र सहसा लिटरला मोजके मिलिग्रॅमच असते, कारण ते चिकणमातीत अडकून राहते. ठिबकच्या तोट्या पांढऱ्या थराने बुजतात आणि आपण त्यात आम्ल सोडून त्या मोकळ्या करतो, तेव्हा आम्ल लागताच फसफसणारा तो थर कॅल्शियम कार्बोनेटचा असतो. मिठागरात समुद्राचे पाणी आटल्यावर मागे राहते ते मुख्यतः खायचे मीठ. आम्लात ते फसफसत नाही. दोन्ही पाण्यांना पेनने १,८०० दाखवले, तरी ती दोन वेगळी पाणी आहेत.

वर्गीकरण करणाऱ्यांना हा भेद माहीत होता. अमेरिकेच्या मत्स्य व वन्यजीव सेवेने १९७९ मध्ये पाणथळ जागांसाठी जी पद्धती आणली, तिच्यात ०.५, ५, १८, ३० आणि ४० याच सीमा ठेवल्या. परंतु समुद्री क्षारांच्या पाण्यासाठी ऑलिगोहॅलाइन, मेसोहॅलाइन ही नावे राखून, जमिनीवरच्या क्षारांच्या पाण्यासाठी ऑलिगोसलाइन, मेसोसलाइन अशी वेगळी नावे दिली. भूजलशास्त्रज्ञांनी तर आकडेही निराळे धरले: त्यांच्या एका प्रचलित पद्धतीत लिटरला १,००० मिलिग्रॅमपर्यंत गोडे, १०,००० पर्यंत मचूळ, १,००,००० पर्यंत खारे आणि त्यापुढे ब्राइन, म्हणजे अतिखारे पाणी. १,८०० चा बोअर तेथेही मचूळच ठरतो. पण ७०० चा बोअर व्हेनिसच्या आकड्याने मचूळ आणि भूजलाच्या आकड्याने गोडा. तेव्हा वर्गाचे नाव सांगणाऱ्याने पद्धतीचे नावही सांगितले पाहिजे.

यावर कोणी म्हणेल, हरियाणा, पंजाब आणि राजस्थानात समुद्र नसताना खाऱ्या भूजलावर वन्नामेई कोळंबी होतेच ना? होते, आणि ते उदाहरण तक्त्याच्या विरोधातच जाते. तिथल्या पाण्यात क्षारता पुरेशी असूनही पोटॅशियम तोकडे पडते आणि कोळंबी कात टाकताना दगावते, असे दिसून आले. समुद्रात सोडियम व पोटॅशियम यांचे वजनी प्रमाण साधारण २७ ला १ असते. भूजल त्याच्या जवळ आणण्यासाठी तळ्यात म्युरेट ऑफ पोटॅश घालावे लागते, आणि मॅग्नेशियम कमी असेल तर तेही. रोहतकजवळील लाहली येथे केंद्रीय मत्स्य शिक्षण संस्थेच्या केंद्रात असे काम झाले आहे. नुसता टीडीएस जुळल्याने कोळंबी वाढत असती, तर पोटॅशच्या गोण्या कशाला लागल्या असत्या? शिवाय तिथली पाणी बहुधा १,८०० पेक्षा बरीच खारी आहेत.

‘वर्ग ठरला की बदलत नाही’ हे वाक्य ज्याने लिहिले त्याने पावसाळ्यातली खाडी पाहिलेली नसावी. गोव्याच्या मांडवी-झुआरीच्या मुखांत उन्हाळ्यात पाणी वरपासून तळापर्यंत ढवळलेले आणि बरेच खारे असते. पावसाळ्यात नदीचे गोडे पाणी वर आणि समुद्राचे जड पाणी तळाशी असे थर पडतात, म्हणजे एकाच जागी पृष्ठभाग एका वर्गात आणि तळ दुसऱ्यात. भरती-ओहोटीने तर हे दिवसातही बदलते. आपल्या गोदावरीचेच पाहायचे, तर पैठणच्या नाथसागराशी खाडीचा काही संबंध नाही. भरतीचे पाणी आंध्रात दौलेश्वरमच्या बंधाऱ्याच्या खालीच थांबते, आणि मिश्रणाचा सगळा प्रदेश तेथून बंगालच्या उपसागरापर्यंतचा, कोरिंगाच्या खारफुटीचा आहे.

लोणारविषयी फार लिहिण्याची गरज नाही. ते बुलढाणा जिल्ह्यात, म्हणजे विदर्भात आहे. जालना-परभणीकरांना ते शेजारचे वाटते हे मान्य. उल्कापाताने बेसाल्टमध्ये झालेला तो खड्डा समुद्रसपाटीपासून शेकडो मीटर उंचीवर आणि अरबी समुद्रापासून सुमारे ४०० किलोमीटर दूर आहे. झऱ्यांचे आणि पावसाचे पाणी आत येते, बाहेर जायला वाट नाही, उन्हाने वाफ होते आणि क्षार साठतात. तिथल्या पाण्याचा सामू (पीएच) १० च्या आसपास असून त्यात सोडियमच्या क्लोराइडबरोबर कार्बोनेट व बायकार्बोनेट भरपूर आहे; समुद्राचा सामू ८ च्या थोडा वर असतो. २०२० च्या जून महिन्यात ते गुलाबी झाले, तेव्हा तपासणीत निघाले ते खारप्रेमी सूक्ष्मजीव. जमिनीखालच्या समुद्राचा मागमूस कोठेच नाही. अकोला-अमरावतीचा खारपाण पट्टाही पूर्णेच्या गाळातला, जमिनीवरचाच आहे.

१,८०० टीडीएसच्या बोअरवाल्याने खरोखर पाहावी अशी पद्धती वेगळीच आहे. त्याच्या पाण्याची वाहकता सुमारे २,८०० मायक्रोसीमेन्स निघेल. सिंचनाच्या पाण्यासाठी अमेरिकेच्या क्षारता प्रयोगशाळेने १९५४ मध्ये दिलेल्या आणि आपल्या माती-पाणी प्रयोगशाळांतही वापरल्या जाणाऱ्या वर्गांत २,२५० च्या पुढचे पाणी सी-४, म्हणजे अति क्षारयुक्त ठरते. निचरा कमी असलेल्या काळ्या भारी जमिनीला ते सतत दिले तर जमीन क्षारपड होते. प्रयोगशाळेत नमुना देताना वाहकता आणि सामू यांच्याबरोबर सोडियम, पोटॅशियम, कॅल्शियम, मॅग्नेशियम, क्लोराइड, सल्फेट आणि बायकार्बोनेट हे सगळे मागून घ्यावे, म्हणजे सोडियम शोषण गुणोत्तरही, म्हणजे कॅल्शियम-मॅग्नेशियमच्या तुलनेत सोडियम किती भारी आहे हेही, काढता येते. आणि तरीही कोणी तक्त्यावर विसंबून शेततळ्यात मीठ घालून क्षारता वाढवणार असेल, तर हंगाम संपल्यावर ते पाणी कोठे सोडणार हे आधी ठरवावे, कारण नाल्यात सोडलेले ते पाणी शेवटी खालच्या शेतकऱ्याच्या विहिरीतच उतरते.