कांगारू ढीगभर आहेत, म्हणून वॉलबी सुरक्षित?

ऑस्ट्रेलियातल्या वणव्यांचे जुने व्हिडिओ फिरू लागले की त्यांच्या मागोमाग एक मजकूरही फिरतो. त्याचा गोषवारा असा: तिथे माणसांपेक्षा कांगारू जास्त, सरकारच दरवर्षी लाखो मारतं, मग वॉलबी वाचवण्याचं नाटक कशाला? वॉलबी म्हणजे लहान कांगारूच. धोका होता तो वणव्याचा, तो हेलिकॉप्टरमधून गाजरं टाकून टळला. मांजरांना विष घालणं हे निव्वळ क्रौर्य. आणि संख्या कमी पडलीच तर प्राणिसंग्रहालयात पैदास करा, नाहीतर न्यूझीलंडहून आणा. यातली बरीचशी वाक्यं अर्धी खरी आहेत, म्हणूनच ती पटतात.

“कांगारू भरपूर, म्हणजे वॉलबीही भरपूर”

कांगारू भरपूर आहेत आणि परवान्याने त्यांची शिकार होते, हे खरं. पण ऑस्ट्रेलियाच्या मुख्य भूमीवर मांस-कातड्यासाठी मारले जातात ते मोठ्या अंगाचे, प्रामुख्याने चार जातींचे: तांबडा कांगारू, पूर्वेचा करडा, पश्चिमेचा करडा आणि वॉलरू. गुराढोरांसाठी पाणवठे झाले, कुरणं वाढली, त्याचा फायदा यांनाही मिळाला. ‘वॉलबी’ हा शास्त्रीय गट नव्हे. कांगारूच्या कुळातल्या लहान चणीच्या जनावरांना सरसकट दिलेलं ते नाव आहे. या कुळात साठाहून अधिक जाती, त्यातल्या नुसत्या खडकवॉलबीच १७. सांबरं पुष्कळ आहेत म्हणून पिसोरी या हरणासारख्या चिमुकल्या प्राण्याची काळजी नको, असं आपल्याकडे कुणी म्हटलं तर जे उत्तर द्याल तेच इथेही लागू.

सगळ्याच वॉलबी संकटात आहेत असंही नाही. उत्तरेत चपळ वॉलबी कळपाने दिसते, आणि टास्मानियात बेनेटची वॉलबी पिकात घुसते म्हणून परवाना काढून मारतात. पण ‘भरपूर आहेत’ हा हिशेब पूर्वीही मांडून झाला आहे. पाच ते आठ किलोच्या झुपकेशेपटी खडकवॉलबीला न्यू साउथ वेल्समध्ये उपद्रवी ठरवून डोक्यामागे बक्षीस लावलं होतं. १९१४ पर्यंत पाच लाखांहून अधिक बक्षिसं वाटली गेली. आज व्हिक्टोरियात ती अतिसंकटग्रस्त आहे. दक्षिण ऑस्ट्रेलियातली टूलाच वॉलबी तर गेलीच. १९२०च्या दशकात उरलेली मोजकी जनावरं पकडून कांगारू बेटावर हलवायचा प्रयत्न झाला, तो पाठलाग करून. वॉलबीला फार पळवलं, झटापट केली, की स्नायूंची नासाडी होते आणि जनावर पकडल्यानंतरही मरतं. तेच झालं. शेवटची ज्ञात टूलाच १९३९मध्ये कैदेत मेली. आज सापळा लावतात तो मऊ कापडाचा. पकडलेलं जनावर लगेच अंधाऱ्या पिशवीत घेतात, कारण डोळ्यांपुढे अंधार झाला की ते शांत होतं. उन्हाच्या वेळी पकडणं टाळतात.

“वणवा हाच शत्रू, आणि गाजरांनी काम झालं”

जानेवारी २०२०मध्ये न्यू साउथ वेल्सच्या राष्ट्रीय उद्यान विभागाने हेलिकॉप्टरमधून दोन टनांहून अधिक गाजरं आणि रताळी टाकली, ही बातमी खरी. ती टाकली का, हे मात्र कुणी विचारत नाही. खडकवॉलबी कपारीत शिरते, त्यामुळे ज्वाळांतून ती बहुधा वाचते. मरते ती नंतर. गवत जळून गेलेलं असतं, म्हणून चाऱ्यासाठी लांब जावं लागतं, आणि आडोसा जळालेला असल्यामुळे ती उघड्यावर शिकाऱ्याच्या तोंडी जाते. म्हणून चारा कड्यांच्या जवळ टाकायचा, एका ढिगात न टाकता विखरून, सोबत कॅमेरे लावायचे आणि त्याच वेळी शिकारी प्राण्यांचा बंदोबस्तही करायचा. ढीग घातला तर दांडगी जनावरं तो बळकावतात आणि शिकाऱ्यांनाही जागा कळते. नवं गवत फुटलं की हे थांबवायचं असतं. (आणि पाव, बिस्किटं अजिबात नकोत. मऊ खाऊ दातांत अडकतो, हिरड्या सडतात आणि जबड्याचं हाड सुजतं. पाळीव वॉलबींचा हा नेहमीचा जीवघेणा रोग आहे.)

चाऱ्याने वाचणाऱ्या जातीही मोजक्याच. पश्चिम ऑस्ट्रेलियातला गिल्बर्टचा पोटोरू, कांगारूंचा लहानसा नातलग, जवळजवळ सर्वस्वी जमिनीखालच्या बुरशीवर जगतो. १९९४मध्ये तो टू पीपल्स बे इथे पुन्हा सापडला. २०१५च्या आगीत तिथला त्याचा सुमारे ९० टक्के अधिवास जळाला. त्याला काय, गाजर टाकणार? जात तगली ती आगीच्या दहा वर्षं आधी काही जनावरं बॉल्ड बेटावर नेऊन ठेवली होती म्हणून.

शिवाय प्रत्येक आग शत्रू नसते. माला ही ससवॉलबी दीडएक किलोची, तानामी वाळवंटात स्पिनिफेक्स या काटेरी गवताच्या झुबक्याखाली लपणारी. तिला एका बाजूला जुनं दाट गवत लागतं लपायला, आणि शेजारी जळून नव्याने फुटलेलं लागतं खायला. तिथले मूळ रहिवासी थंडीत छोटे छोटे पट्टे जाळत, तेव्हा ही गोधडी तयार होत असे. लोक वस्त्यांत हलवले गेले, जाळणं थांबलं, आणि मग उन्हाळ्यात शेकडो चौरस किलोमीटर एका दमात जळू लागले. तानामीतल्या शेवटच्या दोन वसाहतींपैकी एक १९९१मध्ये अशा वणव्यात संपली. दुसरी १९८७मध्येच संपली होती, एका खोकडामुळे. एकाच.

“मांजर-कोल्ह्यांना मारणं हे क्रौर्य”

आधी नावाचं. इथला ‘कोल्हा’ म्हणजे आपल्या उसात ओरडणारा कोल्हा नव्हे. हा युरोपातून शिकारीच्या हौसेपायी १९व्या शतकात आणलेला तांबडा खोकड. मांजर त्याच्याही आधी, पहिल्या वसाहतीच्या जहाजांतून आली. आज मोकाट मांजर खंडाच्या ९९ टक्क्यांहून जास्त भूभागावर आहे. ऑस्ट्रेलियातून नामशेष झालेल्या सस्तन प्राण्यांची संख्या ३०च्या वर गेली आहे, आणि १९८९मध्ये बर्बिज आणि मॅकेन्झी या संशोधकांनी दाखवलं की मार बसला तो बहुतांशी ३५ ग्रॅम ते साडेपाच किलो या वजनाच्या पट्ट्यात. याहून लहान ते भेगांत लपतात, मोठे ते उधळून किंवा लाथ मारून सुटतात. मधल्यांना दोन्ही जमत नाही.

‘निसर्ग आपलं बघून घेईल’ याची चाचणीही झाली आहे. पश्चिम ऑस्ट्रेलियाच्या गव्हाच्या पट्ट्यात संशोधक जॅक किनिअर यांनी १९८०च्या दशकात खडकवॉलबींच्या काही टेकड्यांवर खोकडांसाठी विषारी आमिषं टाकली, काही टेकड्या तशाच ठेवल्या. चार वर्षांत आमिषाच्या टेकड्यांवर वॉलबी दुपटीहून जास्त झाल्या. बाकीच्या टेकड्यांवर अशी वाढ झाली नाही, उलट एका ठिकाणी वसाहत जवळजवळ संपली.

विष वापरतात ते ‘१०८०’, म्हणजे सोडियम फ्लुओरोअॅसिटेट. हेच द्रव्य नैऋत्य ऑस्ट्रेलियातल्या गॅस्ट्रोलोबियम या झुडपांत नैसर्गिकरीत्या असतं, त्यामुळे तिथल्या देशी प्राण्यांना ते बरंच सोसतं. खोकड, मांजर आणि कुत्रा यांना सोसत नाही. म्हणूनच पाळीव कुत्री तिथे मोकळी सोडू नका अशा पाट्या असतात आणि त्या गांभीर्याने घ्यायच्या असतात. हे मरण सुखाचं नाही, आक्षेपाचा तेवढा भाग आम्हाला मान्य आहे. पण दुसऱ्या पारड्यात काय आहे तेही सांगा. मांजराच्या जबड्यातलं पिल्लूही सुखाने मरत नाही.

आमिष टाकलं की झालं, असंही नसतं. खोकड पडलेलं मांस खातो, मांजराला मात्र जिवंत शिकार हवी. पोटभर उंदीर, सरडे, सशाची पिल्लं मिळत असतील तर ते आमिषाकडे ढुंकूनही बघत नाही. त्यामुळे मांजराचं आमिष भक्ष्य सर्वांत कमी असताना आणि कोरड्या हवेत टाकावं लागतं. पाऊस पडला तर विष धुऊन जातं. आणि नुसता खोकड कमी केला तर त्याच्या धाकात असलेली मांजरं वाढू शकतात आणि काही वर्षांनी वॉलबींचे आकडे पुन्हा घसरू शकतात. पश्चिम ऑस्ट्रेलियातल्या डर्क हार्टोग या सुमारे ६३० चौरस किलोमीटरच्या बेटावर मधोमध आडवं कुंपण घालून आधी एक भाग, मग दुसरा, अशी मांजरं काढली. मेंढ्या आणि शेळ्याही हटवल्या. २०१८मध्ये बेट मांजरमुक्त जाहीर झालं आणि त्याच सुमारास पट्टेरी व तांबूस अशा दोन्ही ससवॉलबी तिथे परत आणल्या.

“पैदास करा आणि सोडून द्या”

पैदास ही यातली सोपी बाजू आहे. वॉलबीच्या मादीला पिशवीत पिल्लू असतानाच गर्भाशयात दुसरा भ्रूण थांबवून ठेवता येतो. पिशवीतलं पिल्लू काढलं की तो वाढू लागतो आणि महिनाभरात नवं पिल्लू येतं. काढलेलं पिल्लू दुसऱ्या जातीच्या दाईच्या पिशवीत ठेवतात. दुर्मीळ मादीकडून अशी वर्षाला सहा ते आठ पिल्लं मिळू शकतात. २००७ पासून दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या वायव्य टोकाच्या अनंगू लोकांच्या प्रदेशातून वारूची, म्हणजे काळ्या बगलेच्या खडकवॉलबीची, पिल्लं विमानाने आणून पिवळ्या पायाच्या खडकवॉलबींच्या पिशवीत वाढवली गेली. फसतं ते दाईच्या निवडीत. पिल्लाच्या वयानुसार दुधाची घडण बदलते, म्हणून दाईचं स्वतःचं पिल्लू जवळपास त्याच वयाचं हवं, आणि सड पिल्लाच्या तोंडात मावेल असा हवा. बाटलीने गाईचं दूध पाजलं तर हगवण लागते, मोतीबिंदू होतो.

खरी गोची सोडल्यावर. पिंजऱ्यात वाढलेल्या वॉलबीला खोकड म्हणजे काय हेच ठाऊक नसतं. म्हणून कुंपण. सुमारे १.८ मीटर उंच जाळी, वर बाहेरच्या बाजूला वळलेली लवचीक झालर, म्हणजे चढणारं मांजर तिच्यावर झुलून खाली पडतं, आणि उकरणाऱ्यांसाठी पायथ्याशी जमिनीवर पसरलेली जाळी. अॅलिस स्प्रिंग्सच्या वायव्येला न्यूहेवन इथे ४४ किलोमीटरच्या अशा कुंपणात मालाला जागा मिळाली. पण वाहून आलेला ओंडका, पडलेलं झाड, नाल्याच्या तोंडाशी खचलेली माती, यांतलं एक जरी वेळेत दिसलं नाही तरी मांजर आत. उलट आत सगळं सुरळीत चाललं तर जनावरं इतकी वाढतात की गवत संपतं. रॉक्सबी डाउन्सजवळच्या राखीव क्षेत्रात बेटाँग या छोट्या कांगारूवर्गीयांचं तसंच झालं.

आम्हाला सर्वांत पटलेली युक्ती क्वीन्सलँडची. तिथली नखशेपटी वॉलबी नामशेष समजली गेली होती, १९७३मध्ये डिंगो गावाजवळ एका कुंपण घालणाऱ्या ठेकेदाराला ती दिसली. तिची पिल्लं साधारण तीन किलोची होईपर्यंतच मांजराच्या आवाक्यात असतात. म्हणून अॅव्होसेट या राखीव क्षेत्रात सगळ्या कळपाला नव्हे, फक्त लहानग्यांना कुंपणाआड ठेवलं आणि तीन किलो झाल्यावर बाहेर सोडलं. तीन वर्षांत बाहेरची संख्या १६ वरून ४७ झाली.

“न्यूझीलंडहून आणा”

आणल्याही. न्यूझीलंडच्या कवाऊ बेटावर १८७०च्या सुमारास तिथले माजी गव्हर्नर जॉर्ज ग्रे यांनी सोडलेल्या वॉलबींत, नामशेष मानलेली पार्मा वॉलबी १९६५मध्ये सापडली, आणि पुढे दोनच वर्षांत ती न्यू साउथ वेल्समध्येही असल्याचं कळलं. झुपकेशेपटीचे मात्र उत्तर, मध्य आणि दक्षिण असे तीन आनुवंशिक गट आहेत. कवाऊची जनावरं व्हिक्टोरियात सोडली तर दक्षिणेच्या गटात भेसळ होते. टामार वॉलबीची गोष्ट वेगळी. दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या मुख्य भूमीवरून गेलेली तिची उपजात फक्त न्यूझीलंडमध्येच उरली होती. २००३मध्ये ८५ जनावरं परत आणली आणि २००४पासून यॉर्क द्वीपकल्पावरच्या इन्स राष्ट्रीय उद्यानात सोडायला सुरुवात केली. तिथे त्याआधी खोकडांसाठी आमिषं टाकली होती, आणि ती टाकणं नंतरही सुरूच ठेवावं लागलं.