गोड शेवटी लावतात, दाजी!

सोलापुरात मटणाविषयी ठाम मत नसलेला माणूस शोधून सापडत नाही. डुकराच्या मांसाविषयी मत असलेला माणूस मात्र एरवी शोधावाच लागतो, कारण काही घरांत ते धर्माने वर्ज्य असते आणि उरलेल्या बहुतेक घरांत सवयीने. तरीही गच्चीवर शेगडी पेटवून त्याचे तुकडे जाळीवर मांडले, की थोड्याच वेळात त्या विषयातले जाणकार एकेक करून जिना चढून वर येतात आणि सगळे मिळून एकच सूचना करतात, ती म्हणजे ‘गोड आत्ताच लाव’. गोड-खारट चवीचा चकचकीत लेप देऊन हे मांस भाजताना विस्तव सांभाळणे त्या मानाने सोपे असते. कठीण असते ते या सूचनेला तोंड देणे.

पुण्यात नोकरी करणाऱ्या माझ्या भाच्याने हुतात्मा एक्स्प्रेसने येताना बर्फाच्या डब्यात दोन किलो मांस आणले, आणि घरात प्रथम राजकीय वाटाघाटी झाल्या. सौभाग्यवतींनी स्वयंपाकघरातले एकही भांडे मिळणार नाही असे जाहीर केले, फ्रिजमध्ये त्या डब्याला दोन पिशव्या आणि वर वर्तमानपत्र अशा बंदोबस्तात एका रात्रीचा मुक्काम मंजूर केला, आणि नळाला रोज पाणी न येणाऱ्या आपल्या गावात ती तेलकट जाळी घासायला पाणी कोणत्या पिंपातले घेणार, असा बिनतोड प्रश्न विचारला. ज्या मित्राच्या घरी हे मांस चालत नाही, त्याच्या कोंबडीसाठी शेगडी, जाळी आणि चिमटा असा सगळा संसार वेगळा मांडला होता. त्या रात्री वेळेवर आणि शांतपणे जेवलेला माणूस तो एकटाच.

मांस खांद्याचे होते, आणि भाच्याची ही निवड योग्य होती. कमरेकडचा भाग दिसायला देखणा असला तरी त्यात चरबी कमी असल्याने तो विस्तवावर लवकर कोरडा पडतो; खांद्यात चरबी धाग्याधाग्यांतून पसरलेली असते आणि ती वितळत राहिल्याने मांस मऊ राहते. दक्षिण चीनमधील कॅन्टनी स्वयंपाकात ‘चार सिऊ’ नावाचा जो प्रकार आहे, त्यात याच भागाला सोया सॉस, मध किंवा माल्टोज (धान्यापासून केलेला घट्ट, चिकट गोड पाक) आणि पंचमसाल्याचा लेप देतात. माल्टोज आमच्या पेठेत कोण देणार? तेव्हा मी त्या जागी काकवी घेतली. आंबटपणासाठी डाळिंबाचा रस पाव होईपर्यंत आटवला, कारण ज्या फळाला 2016 मध्ये सोलापूरच्या नावाने भौगोलिक मानांकन मिळाले आणि ज्याच्यासाठी केगावला राष्ट्रीय संशोधन केंद्र उभे आहे, त्याला डावलून बाटलीतले व्हिनेगर ओतणे मला प्रशस्त वाटले नाही. त्यात सोया सॉस, आले, लसूण आणि चमचाभर काळं तिखट पडले. हे काळं तिखट चिनी पाककृतीत बसत नाही; तो दाजींशी केलेला तह होता.

दाजी म्हणजे भाच्याचे वडील, माझ्या थोरल्या बहिणीचे यजमान. मसाला आधी चोळायचा, मग मुरवायचा, मग शिजवायचा, हा त्यांचा मटणाचा अनुभव आहे आणि मटणापुरता तो निर्विवाद आहे. मांस जाळीवर ठेवून पाच मिनिटेही झाली नव्हती तोच ते म्हणाले, “काय करलालास बे? गोड कधी लावणार, खाल्ल्यावर?”

मी त्यांना शास्त्र समजावले. साखर साधारण 160 अंश सेल्सिअसच्या पुढे तांबूस होऊ लागते आणि त्याहून तापली की कडू होते. काकवीतल्या आणि मधातल्या काही साखरा तर त्याआधीच रंग धरतात, आणि निखाऱ्यावरची जाळी या आकड्याच्या कितीतरी पुढे गेलेली असते. मांस आतपर्यंत शिजायला अर्धा तास हवा आणि लेप जळायला चार मिनिटे पुरतात, म्हणून लेपाचा क्रमांक शेवटचा. उसाच्या आणि साखर कारखान्यांच्या या जिल्ह्यात साखरेविषयी व्याख्यान देण्याचे धाडस मी केले, पण दाजींची नजर तेव्हा दुसरीकडेच होती. मी निखारे शेगडीच्या एका बाजूला ठेवले होते आणि मांस दुसऱ्या बाजूला, म्हणजे चरबी निखाऱ्यांवर ठिबकून भडका उडू नये. दाजींना त्यात केवळ कोळशाची उधळपट्टी दिसली. मी ब्रश आणायला खाली गेलो तेवढ्यात त्यांनी चिमट्याने सगळे निखारे मांसाखाली नीट पसरून ठेवले.

चरबीचा पहिला थेंब पडताच शेगडीतून हातभर ज्वाळा उठली. भाचा तांब्या घेऊन धावला, त्याला मी अडवले, कारण पेटत्या चरबीवर पाणी ओतले तर ती तडतडून चहूकडे उडते. निखारे पुन्हा बाजूला सारेपर्यंत काळा धूर शेजारच्या गच्चीवर गेला, जिथे काकूंनी घरातल्या साऱ्या सोलापुरी चादरी धुऊन वाळत घातल्या होत्या. काकू कठड्याशी आल्या, त्यांनी दोनदा हवा हुंगली, आणि कोपऱ्यात उकळणाऱ्या काकवीच्या वासाने त्यांचा राग अर्ध्यावरच थांबला. “गुऱ्हाळ लावलंय की काय हो?” त्यांनी विचारले. त्या शुद्ध शाकाहारी असल्यामुळे मी केवळ “तसंच काहीसं” एवढेच म्हणालो, आणि चादरी पुन्हा धुण्याचे पाणी आमच्या पिंपातून जाईल असे सौभाग्यवतींनी परस्पर कबूल केले.

मग सळईचा तापमापक निघाला. “अहो, तो आपला तापाचा नाही ना?” अशी सौभाग्यवतींनी खात्री करून घेतल्याशिवाय मला तो मांसात खुपसता आला नाही. अमेरिकेच्या कृषी खात्याने 2011 मध्ये डुकराच्या अखंड तुकड्यांसाठी सुरक्षित तापमान 71 वरून 63 अंशांवर आणले आणि नंतर तीन मिनिटे मांस तसेच ठेवण्यास सांगितले. पण आपल्याकडे या मांसातून पट्टकृमी होण्याची धास्ती असल्याने मी जुना आकडाच पाळतो. दाजींनी दोन्ही आकडे ऐकून घेतले आणि अमेरिकेला मटणातले काय कळते, असे विचारून तो विषय संपवला.

काटा 65 वर गेल्यावर मी लेपाचा पहिला हात दिला, तुकडे उलटले, दुसरा हात दिला आणि 71 होईपर्यंत तिसरा. काकवी बुडबुडत घट्ट झाली, कडा गडद तांबूस झाल्या आणि तुकड्यांना पॉलिश केल्यासारखी चकाकी आली. गच्चीवरचे सर्व सल्लागार त्या पाच मिनिटांत प्रथमच गप्प होते.

पुरते न शिजलेल्या मांसाला लागलेला ब्रश बुडालेला लेप ताटात वाढू नये, म्हणून थोडा लेप मी वाटीत आधीच वेगळा काढून ठेवला होता. दाजींनी मांसाचा एक तुकडा चावून पाहिला, मान हलवली, आणि मग कडक भाकरीचा तुकडा मोडून त्या वाटीत बुडवला. पाठोपाठ शेंगा चटणीही तिच्यात पडली. वाटी रिकामी झाली तेव्हा माझ्या समोरच्या परातीत जवळजवळ सगळे मांस होते तसेच होते.

“पुढच्या वेळी हे पातळ पातेलंभर कर बे,” दाजी बोटे चाटत म्हणाले, “आणि पोराला सांग, पुण्याहून ते ओझं आणू नको म्हणावं.”