तो गोल्डफिशचा मेसेज पुढं पाठवणं आता बंद करा

काल रात्री अक्काचा फोन, आवाज रडवेला. भाच्याच्या ट्युशनच्या ग्रुपवर तो मेसेज आलाय, तुमच्याकडंही आला असेलच: मायक्रोसॉफ्टनं सिद्ध केलंय, माणसाचं लक्ष 12 सेकंदांवरून 8 वर आलं, गोल्डफिशचं 9, अल्गोरिदमनं (पुढं काय दाखवायचं ते ठरवणाऱ्या अ‍ॅपमधल्या प्रोग्रामनं) पोरांचे मेंदू कायमचे बाद केले, फोन माइकमधून सगळं ऐकतो, आणि 21 दिवस फोन बंद ठेवला की मेंदू परत नवा. ते वाचून सातवीतलं पोरगं पुस्तक मिटून आईला म्हणतंय, माझा मेंदूच तसला झालाय, वाचून काय उपयोग. डोकंच फिरलं माझं.

मायक्रोसॉफ्टचा तो रिपोर्ट 2015 चा, कॅनडातला, जाहिरातवाल्यांसाठी काढलेला. 8 आणि 9 चे आकडे त्यात आहेत, पण ते त्यांनी मोजलेले नाहीत, स्टॅटिस्टिक ब्रेन नावाच्या वेबसाइटवरून उचललेत. 2017 ला बीबीसीनं माग काढला तर मूळ संशोधन सापडलंच नाही. आणि मासा विसरभोळा हेही खोटं, शास्त्रज्ञ स्मरणशक्तीच्या प्रयोगांना तोच मासा घेतात, कारण शिकवलेलं त्याच्या लक्षात राहतं.

"कायमचे बाद" हे तर सगळ्यात वाईट, पोराच्या मनात तेच बसलंय. अहो, हाच पोरगा रोज संध्याकाळी मंडळाच्या लेझीमच्या सरावाला जातो, मागच्या आठवड्यात मी स्वतः उभी राहून बघितलं, हलगीचा ठेका बदलला की अख्ख्या रांगेनं एकदम बसायचं, उठायचं, वळायचं, एकाचं चुकलं की मागचा अंगावर येतो, आणि दीड तास याची नजर पुढच्याच्या पायावरून हलली नाही, तळहाताला फोड आला तरी. सोलापुरात हे कुणाला सांगायला पाहिजे का?

आता खरं आहे तेवढं मान्य करते. अ‍ॅप लक्ष तोडतात. कॅलिफोर्नियातल्या प्राध्यापिका ग्लोरिया मार्क लोक कॉम्प्युटरच्या एका स्क्रीनवर किती टिकतात ते मोजतात: 2004 ला सरासरी अडीच मिनिटं, 2012 ला 75 सेकंद, अलीकडं 47. पण हे माणूस किती वेळानं दुसरीकडं वळतो त्याचं माप आहे, त्याला किती वेळ लक्ष देता येतं त्याचं नाही. या दोन्हींत फरक आहे की नाही?

आणि अल्गोरिदमला आपलं लक्ष 8 सेकंदांचं करायचंय असं कुणी सांगितलं? युट्यूबनं 2012 ला क्लिक मोजायचं मागं टाकून वॉच टाइमला, म्हणजे किती वेळ बघितलं त्याला, महत्त्व दिलं. त्यांना तुम्ही तासन्‌तास बसलेले पाहिजेत. कुठं थांबलात, काय दोनदा बघितलं, काय अर्ध्यात सोडलं, यावरनं पुढचं ठरतं आणि एक संपलं की दुसरं आपोआप सुरू होतं. एवढं कळायला माइक कशाला लागतोय.

21 दिवसांचं सोडा, त्याला काही आधार दिलेलाच नाही.

आज सकाळी अक्काकडं गेले, तिच्या फोनवरची युट्यूबची वॉच हिस्ट्री, म्हणजे काय काय बघितलं त्याची नोंद, बंद केली, जुनी पुसली. होम पेज रिकामं झालं, आता हवं ते शोधूनच बघायचं. भाच्यानं दोन मिनिटं त्या रिकाम्या स्क्रीनकडं बघितलं आणि लेझीमचा एक जुना व्हिडिओ शोधून काढला, पाऊण तासाचा, पूर्ण बघितला. ट्युशनच्या ग्रुपवर मी हे सगळं टाकलंय, सरांनी अजून उत्तर दिलेलं नाही.